वायर पोचेल तिथवर

प्रश्न : मी सोलापूरच्या पूर्व भागात राहते. मोबाइलवर दोन छोट्या फिल्म केल्यात. आता आमच्या गल्लीतल्या विड्या वळणाऱ्या बायकांवर तासाभराचा माहितीपट करायचाय. पण मुलगा दोन वर्षांचा आहे, घर सोडता येत नाही. आन्येस वार्दा या फ्रेंच दिग्दर्शिकेने पहिला चित्रपट कुठल्याही निर्मात्याशिवाय केला, असं वाचलं. त्यांना पैसे कोणी दिले? आणि मूल झाल्यावर त्यांचं काम थांबलं नाही का?

उत्तर : ताई, दुसऱ्या प्रश्नापासून सुरुवात करते, कारण तुमची अडचण तिथे आहे.

1972 साली वार्दांना मुलगा झाला. लेकराला सोडून लांब जाणं होईना. पॅरिसमध्ये दागेर नावाच्या रस्त्यावर त्यांचं घर होतं. त्यांनी घरच्या मीटरवरून वीज घेतली आणि ठरवलं, वायर पोचेल तिथवरच शूटिंग करायचं. वायर होती 80-90 मीटरची. तेवढ्या टापूत पाववाला, खाटीक, शिंपी, न्हावी आणि अत्तरं विकणारं एक म्हातारं जोडपं, एवढी माणसं सापडली. 1975 चा ‘दागेरेओतीप’ हा माहितीपट त्यातूनच झाला. पैसे जर्मन टीव्हीने दिले होते. त्यातली अत्तरवाल्याची बायको मला विसरता येत नाही. दिवेलागणीला ती उठते, बाहेर पडायला निघाल्यासारखी दारापर्यंत जाते आणि थबकते. कोणी काही बोलत नाही. एका बाईचं सगळं आयुष्य त्या चार पावलांत दिसतं. ती पावलं टिपायला वार्दा तिथे होत्या, कारण त्या शेजारीण होत्या. बाहेरून आलेल्या पथकाला ते दिसलं नसतं, असं माझं ठाम मत आहे.

त्याआधी 1958 मध्ये, पहिल्या वेळी गरोदर असताना, त्यांनी मूफ्तार रस्त्यावरच्या भाजीबाजारात कॅमेरा नेऊन एक लघुपट केला होता. पोटात बाळ असलेल्या बाईला बाजार कसा दिसतो, तेच त्यात आहे.

आता पैशांचं. वार्दा मूळच्या फोटोग्राफर. जाँ विलार या नाट्यदिग्दर्शकाच्या नाट्यसंस्थेचे फोटो काढायच्या. 1954 साली, वयाच्या सव्विसाव्या वर्षी, त्यांनी स्वतःची छोटी कंपनी काढली आणि दक्षिणेकडच्या सेत गावात, कोळ्यांच्या वस्तीत ‘ला प्वाँत कूर्त’ चित्रित केला. किशोरवय त्याच गावात गेलेलं, त्यामुळे वस्ती ओळखीची होती. नट आणि तंत्रज्ञ सहकारी तत्त्वावर आले. मजुरी हातात न घेता तोच त्यांचा हिस्सा धरला. नाटकातले फिलिप न्वारे त्यात नायक झाले, संकलन पुढे दिग्दर्शक म्हणून नावाजलेल्या आलँ रेने यांनी केलं, कोळी स्वतःच्याच भूमिकेत राहिले. सहकार सोलापूरकरांना वेगळा समजावून सांगायला नको.

पण ऐकायला गोड वाटणारं एवढंच सांगून थांबणार नाही. त्या चित्रपटाने पैसा मिळवला नाही. पुढचा मोठा चित्रपट ‘क्लेओ’ पडद्यावर आला तो 1962 मध्ये. मधल्या काळात त्यांनी सरकारी पर्यटन खात्यासाठीही लघुपट केले. तुम्हालाही लग्नाचे व्हिडिओ करावे लागले, तर खुशाल करा. एक गोष्ट मात्र सोडू नका: हक्क. ती छोटी कंपनी पुढे ‘सिने-तामारिस’ झाली. कचेरी त्याच दागेर रस्त्यावर होती आणि आज त्यांची मुलं ती चालवतात. कोणी मदत देऊ केली तर घ्या, पण मूळ फुटेज आणि मालकी लिहून देऊ नका.

तुमच्या विषयाचं म्हणाल तर, विडीची मजुरी दर हजार विड्यांमागे मिळते. हात थांबला की पैसा थांबतो. म्हणून बोलतं करताना बायकांना काम सोडून बसायला लावू नका. सूप मांडीवर राहू दे, हात चालू राहू देत. उजेडासाठी उंबऱ्याजवळ बसा. शेजारी माग चालू असेल तर आवाज हाती लागणार नाही, बोलणं माग बंद असेल तेव्हा रेकॉर्ड करा. खडखडाट वेगळा टिपून ठेवा, तो लागेलच. कोणी तेलुगूत बोललं तर तेलुगूतच बोलू द्या, खाली मराठी ओळी टाका. आणि तयार झालेलं पहिल्यांदा त्याच गल्लीत दाखवा.

प्रश्न : मी निवृत्त शिक्षक, सोलापूर. साठीनंतर छोटा कॅमेरा घेतला आहे. आता यातून काही होईल का?

उत्तर : गुरुजी, नक्की होईल. वार्दांनी सत्तरी ओलांडल्यावर लहानसा डिजिटल कॅमेरा उचलला आणि काढणीनंतर शेतात राहिलेलं वेचून नेणाऱ्या माणसांवर माहितीपट केला. तो 2000 साली आला. आकार बरोबर नाही म्हणून टाकून दिलेल्या बटाट्यांचे ढीग त्यात आहेत, आणि एका हाताने कॅमेरा धरून टिपलेला त्यांचाच सुरकुतलेला दुसरा हात आहे. त्याआधी 1985 मध्ये त्यांना व्हेनिस चित्रपट महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार ‘गोल्डन लायन’ मिळालेला होता, तरी हा लहान कॅमेरा त्यांना कमीपणाचा वाटला नाही. 2017 मध्ये मानद ऑस्कर मिळाला, तेव्हा त्या 89 वर्षांच्या होत्या. त्याच वर्षीचा त्यांचा माहितीपट पुढे ऑस्करच्या स्पर्धेतही होता.

फेब्रुवारी-मार्चमध्ये मंगळवेढ्याकडे ज्वारीची काढणी असते आणि मागून सरवा वेचणाऱ्या बायका येतात. रानमालकाला आणि त्या बायकांना आधी विचारा. जादा बॅटरी सोबत घ्या, रानात चार्जिंगची सोय नसते.