शेरवडाचं ते पांढरं, पान की फूल?

प्रश्न : काका, आमचं गाव कुडाळजवळ. गणपतीत माटवीला, म्हणजे मूर्तीच्या वर टांगतात त्या लाकडी चौकटीला, शेरवड बांधायची पद्धत आमच्याकडे पूर्वीपासून. व्हाळाच्या, म्हणजे ओढ्याच्या कडेला आमचं एक झाड होतं, पण बागेची बेणणी करताना ते ग्रासकटरखाली गेलं. मग त्याच्या जागी नर्सरीतून मुसेंडा आणला. गुलाबी गुच्छ भरपूर येतात, पण एक फुलपाखरू फिरकत नाही की फळ धरत नाही. असं का? आणि शेरवडाचं ते पांढरं असतं ते नक्की काय, पान की फूल?

उत्तर : ताई, झाड गेल्याचं वाचून वाईट वाटलं. शेरवड म्हणजेच भुतकेस, आपला रानटी मुसेंडा. ते पांढरं पानही नाही आणि फूलही नाही, कळीच्या बुडाशी हिरवी पाच निदलं असतात ना त्यातलं एकच वाढून पानाएवढं होतं, शिरासुद्धा दिसतात त्यावर. खरं फूल म्हणजे ती मधली बारीक केशरी चांदणी, तिची नळी एवढी अरुंद की मध प्यायला फुलपाखराची लांब सोंडच हवी. पावसाळ्यात व्हाळाकडेच्या सावलीत हे पांढरं लांबूनच दिसतं आणि फुलपाखरं बरोबर तिथे येतात. कोवळं असताना लोक त्याची भाजीही करतात.

तुमच्या नर्सरीवाल्याने फसवलं नाही हां. १९१५ साली फिलिपिन्समधल्या माकिलिंग डोंगरावर एक झाड सापडलं, त्याची पाचही निदलं मोठी झालेली, पुढे त्यातून बागेसाठी संकर तयार झाले. दिसायला भरगच्च, पण खरं फूल त्या गर्दीत झाकून जातं आणि बी सहसा धरत नाही. राहू दे ते अंगणात, पण शेरवडाची जागा ते घेणार नाही.

शेरवडाला रानाची कड, गडगा (दगडी कुंपण), व्हाळाचा काठ असं ओलसर आणि अर्धं ऊन लागतं. मी एकदा हावरेपणाने गडग्यावरचं मोठं झाडच मुळासकट उपटून आणलं होतं, आठ दिवसात वाळलं, अजून जीवाला लागतं. तुम्ही तसं करू नका, शेजाऱ्यांना विचारून पावसाच्या सुरुवातीला पेन्सिलीएवढी जून फांदी वीतभर कापून घ्या, खालची पानं काढा आणि माती, वाळू, शेणखत भरलेल्या पिशवीत लावून सावलीत ठेवा, चारपाच फांद्या लावा म्हणजे एखादी तरी जगेल. आणि बेणणीवाल्याला आधीच झाड दाखवून ठेवा, खुणेला लाल फडकं बांधा.

पुढे कधी पानं कुरतडलेली दिसतील, मधली शीर तेवढी काडीसारखी उरलेली. निरखून बघा, त्या काडीवर स्वतःच्या लेंड्या चिकटवून तपकिरी अळी बसलेली असेल. कमांडर फुलपाखराची आहे ती, फवारणी अजिबात करू नका, पानं परत येतात.