‘कीटक-भृंगी न्याया’तली भृंगी कोणती?

भृंगीनं कोंडलेला कीटक तिचाच ध्यास घेऊन शेवटी भृंगीच होतो, या दृष्टान्ताला ‘कीटक-भृंगी न्याय’ म्हणतात. प्रश्न असा आहे : त्यातली भृंगी म्हणजे भुंगा, गांधीलमाशी की कुंभारीण?

भुंगा नक्कीच नाही. संस्कृतात भृंग म्हणजे भुंगा, त्यामुळे नुसता शब्दकोश पाहिला की घोटाळा होतो. पण लाकूड पोखरणारा आपला काळा भुंगा पिल्लांसाठी पराग आणि मध साठवतो. कीटक कोंडत नाही. पोळ्यातल्या गांधीलमाश्या समूहानं राहतात आणि त्यांचं पोळं कागदी असतं, तेही इथं बसत नाही. भागवताच्या अकराव्या स्कंधातल्या नवव्या अध्यायात हा दाखला येतो. तिथं भृंगीऐवजी शब्द आहे ‘पेशस्कृत्’, आणि तो कीटकाला ‘कुड्यां’, म्हणजे भिंतीत, शिरवतो. भिंतीला मातीचं घर करून त्यात जिवंत भक्ष्य कोंडणारी आपल्या ओळखीची माशी म्हणजे कुंभारीण. तेव्हा मराठीत अर्थ देताना ‘कुंभारीण’ द्यावा, ‘भुंगा’ देऊ नये.

अडचण पुढे आहे. कुंभारीण हे नाव आपण निदान दोन वेगळ्या माश्यांना देतो. एक छोट्या मडक्यासारखं घरटं करते आणि त्यात अळ्या भरते. दुसरी स्केलिफ्रॉन मद्रासपटानम : काळी, पिवळ्या खुणांची, कंबर दोऱ्याएवढी. ही फक्त कोळी भरते. घरांच्या भिंतींवर, खिडकीच्या चौकटीत, विजेच्या खटक्यामागे जे मातीचे लांबट ढेकूळ दिसतात ते बहुधा हिचे.

मादी ओल्या जागेवरून चिखलाची गोळी जबड्यात आणते आणि गुणगुणत लिंपते. त्या कंपनानं चिखल मऊ पडून नीट बसतो. दोन-तीन सेंटीमीटरची नळीसारखी कोठडी तयार झाली की शिकार सुरू. कोळ्याला नांगी मारून ती लुळा करते, मारत नाही. मेलेला कोळी कुजला किंवा वाळला असता. लुळा ताजा राहतो. कोळी लहान-मोठे असतील त्याप्रमाणे कोठडीत दहा-पंधरा किंवा अधिकही मावतात. त्यातल्या एकाच्या पोटावर अंडं चिकटवून ती तोंड बंद करते, शेजारी दुसरी कोठडी बांधते आणि शेवटी सगळ्यांवर मातीचा जाड लेप देते. अंड्यातून निघालेली अळी कोळी खाऊन संपवते, तपकिरी कोश विणते आणि काही आठवड्यांनी माती कुरतडून माशी बाहेर येते. कोंडला कीटक, निघाली कुंभारीण. बाहेरून पाहणाऱ्याला ध्यासानं रूप पालटल्यासारखं वाटणारच, आणि दृष्टान्त म्हणून तो सुंदरच आहे. प्रत्यक्षात कोळ्याची माशी होत नाही, कोळ्यावर माशी पोसते.

तुमच्याकडची कुंभारीण कोणती हे घरट्यातला ऐवज सांगेल. पातळ पातं भिंतीलगत सरकवून ढेकूळ अख्खा सोडवा. समोरून ठोकलात तर माती आत ढासळून अळी चिरडते. भिंतीकडच्या बाजूला लेप पातळ असल्यानं तिथून कोठड्या सहज उघडतात. हिरव्या अळ्या दिसल्या तर मडकेवाली, पाय किंचित हलवणारे कोळी दिसले तर स्केलिफ्रॉन. कोळी नुसतेच सुकलेले किंवा बुरशी धरलेले असतील तर अंडं फुकट गेलं. घरट्यातून निघालेल्या माशीवरून मात्र निष्कर्ष काढू नका. चमकदार हिरवी-निळी निघाली तर ती दुसऱ्याच्या घरट्यात अंडं घालणारी परजीवी. पोलादी निळी असेल तर चॅलिबिऑन बेंगालेन्से. हीसुद्धा कोळीच भरते, पण स्वतः घर न बांधता कुंभारणीच्या रिकाम्या कोठड्या वापरते.

कोळ्याला जमिनीवरून ओढत नेताना दिसते ती आणखी वेगळ्या कुळातली. ती बहुधा अळीमागे एकच मोठा कोळी पुरवते आणि तिच्या बऱ्याच जाती तो जमिनीतल्या बिळात पुरतात. तिला कुंभारीण म्हणू नये. ‘कोळी मारणारी गांधीलमाशी’ असं सरळ लिहावं.