पोलिश अभिनेते दानिएल ओल्ब्रिख्स्की यांची ओळख ऐतिहासिक भूमिकांमुळेच झाली का?

होय, मुख्यतः ऐतिहासिक भूमिकांमुळेच. आंजेय वायदा यांच्या नेपोलियनकालीन युद्धांवरील १९६५ सालच्या चित्रपटाने ते प्रकाशात आले. पण पोलंडमध्ये ते घराघरांत पोहोचले ते हेन्रिक शेंकेविच यांच्या सतराव्या शतकावरील कादंबरीत्रयीवर येझी हॉफमन यांनी केलेल्या चित्रपटांमुळे. त्यांपैकी १९६९ साली त्यांनी आझ्या हा तातार खलनायक रंगवला, त्यामुळे १९७४ च्या चित्रपटात स्वीडिश आक्रमणाच्या काळातील नायक क्मिचित्स म्हणून त्यांची निवड होताच प्रेक्षकांनी मोठा विरोध केला. प्रत्यक्षात तीच भूमिका त्यांची सर्वांत गाजलेली ठरली आणि चित्रपटाला ऑस्करचे नामांकनही मिळाले. पुढे १९९९ साली त्यांनी त्याच आझ्याचा बाप तुहाय-बेय साकारला. नटाच्या वाट्याला असा योग क्वचितच येतो. मात्र त्यांना केवळ तलवारबाज नायक समजणे अन्यायाचे होईल, कारण १९७५ साली वायदांच्याच चित्रपटात त्यांनी वुच शहरातील एकोणिसाव्या शतकातला निष्ठुर, महत्त्वाकांक्षी गिरणी-उद्योजक उभा केला, आणि माझ्या मते अभिनय म्हणून ती भूमिका क्मिचित्सपेक्षा सरस आहे.