विचारा आप्पांना: गाण्यात आपली तापीमाय कुठंय?

26 जानेवारी होऊन गेली आणि या वेळी पत्रांचा ढीग त्याच विषयावर आलाय, राष्ट्रगीत, राज्यगीत, शाळेतली प्रार्थना. सगळ्यांना जागा देता येत नाही, पण जी पत्रं वाचून मी स्वतः विचारात पडलो ती घेतली आहेत.

प्रश्न: राम राम आप्पा. मी शिरपूरचा. पोराच्या शाळेत रोज राष्ट्रगीत झालं की राज्यगीत होतं. परवा तो घरी येऊन म्हणे, पप्पा त्यात कृष्णा आहे, कोयना आहे, गोदावरी आहे, मग आपली तापी कोठे शे? मला काही सांगता आलं नाही. राष्ट्रगीतात पण खान्देश नाही. आपण कुठंच नाही का?

उत्तर: भाऊ, आधी पोराची पाठ थोपटा, रोज गाणं म्हणणारे लाखो आहेत पण शब्द ऐकणारे थोडे. तापी खरंच नाहीये त्यात. राजा बढेंनी लिहिलेलं, श्रीनिवास खळेंनी चाल लावलेलं आणि शाहीर साबळेंनी गायलेलं ‘जय जय महाराष्ट्र माझा’ हे गाणं 19 फेब्रुवारी 2023 पासून, म्हणजे शिवजयंतीपासून, आपलं राज्यगीत झालं आणि त्यात नद्या येतात त्या रेवा, वरदा, कृष्णा, कोयना, भद्रा, गोदावरी, शिवाय पुढे यमुनेचं पाणी. मुलताईहून निघून जळगाव, धुळे, नंदुरबार असे आपले तिन्ही जिल्हे ओलांडत सुरतेकडं जाणारी तापी राहून गेली, मलाही ते लागतं, खोटं कशाला बोलू.

पण आता पोराला नकाशा काढायला लावा आणि रेवा कुठंय ते शोधायला सांगा. रेवा म्हणजे नर्मदा. ती महाराष्ट्राला शिवते ती फक्त नंदुरबार जिल्ह्यात, अक्कलकुवा आणि धडगावच्या उत्तरेच्या टोकाला, सातपुड्याच्या पार पलीकडं, दुसऱ्या कुठल्याच जिल्ह्याला ती नाही. म्हणजे अख्ख्या महाराष्ट्राचं गाणं नद्या मोजायला लागतं तेव्हा पहिलं नाव घेतं ते खान्देशच्या काठाचं! हे मला स्वतःला फार उशिरा कळलं आणि तेव्हापासून त्या ओळीला माझा आवाज आपोआप वाढतो.

राष्ट्रगीताचं जरा वेगळं आहे. रवींद्रनाथांचं हे गाणं पहिल्यांदा गायलं गेलं 27 डिसेंबर 1911 ला, कलकत्त्याच्या काँग्रेस अधिवेशनात. त्या वेळच्या सरकारी नकाशात गुजरात नावाचा प्रांत नव्हता, मराठा नावाचा नव्हता, उत्कल नव्हता, द्राविड पण नव्हता. सिंध तर मुंबई इलाख्यात होता, ज्यात आपले पूर्व खान्देश आणि पश्चिम खान्देश हे जिल्हे पण होते, म्हणजे कराची आणि धुळे एकाच इलाख्यात. रवींद्रनाथांनी इंग्रजांची ती वाटणी बाजूला ठेवली आणि माणसं स्वतःला काय म्हणवतात ती नावं घेतली, माझ्या मते त्या गाण्याचं खरं धाडस इथं आहे. म्हणून तर सिंध पाकिस्तानात गेला तरी शब्द तसाच राहिला, तो काढा म्हणून लोक सुप्रीम कोर्टापर्यंत गेले आणि कोर्टानं नाही म्हटलं.

आणि नंदुरबारला जाल तेव्हा पोराला शिरीषकुमारच्या स्मारकापाशी उभं करा. 9 सप्टेंबर 1942, हातात तिरंगा, शाळकरी वय, गुजराती घरातला मुलगा, आणि मिरवणुकीत पोरं म्हणत होती ती ओळ पण गुजराती, ‘नहीं नमशे, नहीं नमशे, निशाण भूमी भारतनुं’. गोळीबार झाला, शिरीषकुमार आणि त्याचे चार साथीदार गेले. त्या ओळीत नंदुरबार नाही, खान्देश नाही, मराठी शब्दसुद्धा नाही, पण ती आपलीच आहे की नाही? पोराला हे विचारा, तो काय म्हणतो ते मला कळवा.

प्रश्न: नमस्कार आप्पा, मी धडगाव तालुक्यात जिल्हा परिषद शाळेवर आहे. माझी मुलं घरी पावरी बोलतात. राष्ट्रगीत पाठ आहे, सुरात म्हणतात, पण ‘अधिनायक’ म्हणजे काय विचारलं तर गप्प. त्यांच्या बोलीत करून म्हणायला लावू का?

उत्तर: ताई, म्हणताना मूळच म्हणायचं, शब्द ठरलेले आहेत. पण अर्थ मात्र पावरीतच सांगा, आणि तो तुम्ही नका सांगू, मुलांकडून काढून घ्या, तुम्ही मराठीत समजावून द्या आणि त्यांना त्यांच्या शब्दात फळ्यावर लिहू द्या, ‘भाग्यविधाता’ला घरी काय म्हणतील ते आजीला विचारून या म्हणावं.

आणि एक गोष्ट त्यांना जरूर सांगा की हे गाणं तसं कुणाच्याच घरच्या बोलीतलं नाही. ते बंगालीत लिहिलंय पण संस्कृत शब्दांनी भरलेलं, आणि आपण म्हणतो तो उच्चार बंगाली माणसाचा नाहीच, बंगाली घरात ते ‘जॉनो गॉनो मॉनो’ होतं. म्हणजे धडगावच्या मुलाला जीभ वळवावी लागते तशी कोलकात्याच्या मुलालाही थोडी वळवावीच लागते, आणि माझ्या अहिराणी जिभेलाही लहानपणी लागलीच होती. स्वित्झर्लंडमध्ये राष्ट्रगीत चार भाषांत आहे, ज्याला जी येते त्यात तो म्हणतो. श्रीलंकेत सिंहली आणि तमिळ दोन्हीत आहे पण स्वातंत्र्यदिनाच्या सरकारी सोहळ्यात तमिळमधून म्हणणं मधे कितीतरी वर्षं बंद होतं, 2016 ला ते परत झालं तेव्हा लोकांच्या डोळ्यात पाणी आलं. माणसाला आपल्या भाषेत आपल्या देशाचं नाव घ्यायला मिळणं ही फार मोठी गोष्ट आहे ताई, म्हणून अर्थ तरी पावरीत होऊ द्या.

प्रश्न: माझी आजी 84 वर्षांची, गुडघे गेलेत. ध्वजवंदनाला खुर्चीवर बसून राहिली तर एकजण सगळ्यांसमोर बोलला की हा गुन्हा आहे. खरंय का? (चोपडा)

उत्तर: नाही बेटा. 1971 चा कायदा आहे, तो राष्ट्रगीत मुद्दाम अडवणाऱ्याला किंवा चालू असताना गोंधळ घालणाऱ्याला शिक्षा देतो. केरळात तीन मुलं उभी राहायची पण धर्माच्या कारणानं गात नव्हती, शाळेनं काढलं, तर 1986 ला सुप्रीम कोर्टानं मुलांच्या बाजूनं निकाल दिला, आदरानं उभं राहिलं तर न गाणं हा अपमान होत नाही म्हणून. ज्याला उभं राहता येतं त्यानं 52 सेकंद उभं राहावं, आणि ज्या आजीला गुडघे घेऊन ध्वजवंदनाला यावंसं वाटलं तिला नमस्कार करावा. त्या बोलणाऱ्याला माझं नाव सांगा.

प्रश्न: आप्पा, कॉलेजच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर दरवर्षी तोच मेसेज येतो की जन गण मन हे इंग्रज राजासाठी लिहिलं. एकदाचं सांगून टाका. (जळगाव)

उत्तर: डिसेंबर 1911 ला पंचम जॉर्ज दिल्ली दरबारासाठी भारतात आला होता हे खरं, आणि त्याच अधिवेशनात राजाच्या स्वागताचं एक वेगळं हिंदी गाणं पण झालं होतं. दुसऱ्या दिवशी काही इंग्रजी पेपरांनी दोन्हींचा घोळ घातला, त्याचंच हे पिल्लू अजून फिरतंय. 1937 ला रवींद्रनाथांनी पत्रातच लिहून ठेवलंय की युगायुगांचा सारथी हा कुठला जॉर्ज असूच शकत नाही. मेसेज टाकणाऱ्याला पुढची कडवी वाचायला सांग, एकूण पाच आहेत, आपण पहिलंच म्हणतो. दुसऱ्यात हिंदू, बौद्ध, शीख, जैन, पारशी, मुसलमान, ख्रिस्ती सगळे नावानिशी येतात आणि तिसऱ्यात तो ‘चिरसारथी’ येतो. इंग्लंडच्या राजाला कुणी असं म्हणेल का गं?

प्रश्न: आमच्या शाळेत आधी ‘खरा तो एकची धर्म’ आणि मग राष्ट्रगीत असायचं. आता नातू म्हणतो प्रार्थना वेगळी, देशभक्ती वेगळी. तुम्हाला काय वाटतं? (एक आजोबा, अमळनेर)

उत्तर: दादा, तुम्ही अमळनेरचे, तुम्हाला मी काय सांगणार, पण नातवासाठी लिहितो. साने गुरुजी तुमच्याच गावी प्रताप हायस्कूलमध्ये मास्तर होते. 1932 ला धुळ्याच्या जेलमध्ये विनोबा गीतेवर बोलायचे आणि गुरुजी ते उतरवून घ्यायचे. तुमच्या त्या प्रार्थनेत जगाला प्रेम अर्पावे म्हणणारा हा माणूस आणि ‘बलसागर भारत होवो’ लिहिणारा माणूस एकच, आणि तुरुंगात जाणारा पण तोच. त्याला यात दोन कप्पे दिसले नाहीत.

तिकडं दक्षिण आफ्रिकेत पण एक मास्तरच होता, इनॉक सोंटोंगा, मिशनच्या शाळेत शिकवायचा. 1897 ला त्यानं मुलांसाठी एक प्रार्थना रचली, देवा आफ्रिकेला आशीर्वाद दे अशा अर्थाची. 8 जानेवारी 1912 ला तिथली काँग्रेस, म्हणजे आजची आफ्रिकन नॅशनल काँग्रेस, स्थापन झाली तेव्हा सभेच्या शेवटी तीच प्रार्थना म्हटली गेली, आता तारखा बघा, कलकत्त्यात जन गण मन पहिल्यांदा झालं त्याला बाराच दिवस झाले होते! पुढं गोऱ्या राजवटीविरुद्धच्या लढ्यात लोक तीच गात राहिले, आणि 1997 ला नव्या राष्ट्रगीतात ती प्रार्थना आणि गोऱ्यांचं जुनं राष्ट्रगीत असे दोन्हींचे तुकडे जोडले, एका गाण्यात पाच भाषा. ज्यांनी छळलं त्यांच्या गाण्याची ओळसुद्धा ठेवून घेतली दादा, एवढं मन कुठून आणलं असेल त्या लोकांनी.

नातवाला शेजारी बसवा, तुमच्या काळच्या चालीत आधी प्रार्थना म्हणा आणि मग उभं राहून राष्ट्रगीत म्हणा. मधे थांबू नका, आपण शाळेत थांबत नव्हतो तसंच.