कॉमिक्सवरून पटकथा लिहिणाऱ्याने लॉस एंजेलिसला यावं का?

पुण्यात कॉमिक्सवरून ॲनिमेशनपटांच्या पटकथा लिहिता, आणि बायको व पाच वर्षांच्या मुलीसह इथे यावं का, असं तुम्ही विचारलंय. नियम सरकारी संकेतस्थळावर आहेत; मी उरलेलं लिहितो.

ओ-१ व्हिसाचा, म्हणजे असामान्य गुणवत्तेच्या कलावंतांना मिळणाऱ्या कामाच्या व्हिसाचा, अर्ज स्वतः करता येत नाही. शक्य असेल तर स्टुडिओऐवजी अमेरिकेतल्या एजंटमार्फत करा. इथे काम चित्रपटागणिक मिळतं. अर्ज स्टुडिओचा असेल आणि काम सुटलं, तर इथे राहायला हाती जास्तीत जास्त ६० दिवस उरतात. अर्जाला तुमच्या कामाची मराठी परीक्षणं जोडताना निवडक ओळी चालत नाहीत. पूर्ण मजकुराचा इंग्रजी अनुवाद आणि अनुवादकाच्या सहीचं प्रमाणपत्र लागतं. निर्मात्यांची शिफारसपत्रं पुण्यात असतानाच घ्या. दुरून मागितली की महिने जातात.

काम मागताना दाखवायचा नमुना म्हणून स्वतःच्या हक्काचं कॉमिक रूपांतरित करा. वाचणारा पहिल्यांदा वेळेचं भान बघतो. एका चौकटीत ठोसा आणि तीन वाक्यं सुखाने मावतात. पडद्यावर ठोसा १२ फ्रेमचा, म्हणजे अर्ध्या सेकंदाचा, आणि वाक्यांना सहा सेकंद लागतात. संवादांचे फुगे जसेच्या तसे उतरवले की मारामारी थांबून भाषण सुरू होतं. वाक्यं ठोशाच्या आधी न्या किंवा गाळा. चौकटीवरचं निवेदन पार्श्वनिवेदनात ढकलणं ही दुसरी नेहमीची चूक. ते पात्राच्या कृतीतून दिसायला हवं. स्टोरीबोर्डवर, म्हणजे प्रसंग चित्रांत मांडताना, तुमचे प्रसंग पुन्हा पुन्हा मोडले जातील, त्याची तयारी ठेवा.

मोठ्या स्टुडिओंतलं बरंचसं ॲनिमेशन-लेखन ॲनिमेशन गिल्ड (लोकल ८३९) या कामगार संघटनेच्या कराराखाली येतं. तिथे पुनर्प्रदर्शनाचं मानधन लेखकाच्या खात्यात येत नाही, पेन्शन आणि आरोग्य योजनेत जातं. म्हणून करारातल्या रकमेवरच घर चालेल का ते बघा, कारण ओ-३ वर, म्हणजे ओ-१ वाल्याच्या कुटुंबाच्या व्हिसावर, बायकोला नोकरी करता येत नाही. नोकरी सोडून यायचं का, तो निर्णय तिला घेऊ द्या.

एकटेपणाचं विचारलंत. मराठी मंडळ आहे, गणपती बसतो, आणि तरी एकटं वाटतं. त्यावर मला काही सापडलेलं नाही.

शाळेचं मात्र नीट ऐका. प्रवेशाच्या वेळी घरी कोणती भाषा बोलता, हे फॉर्मवर विचारतात. मराठी लिहिलं की मुलीची इंग्रजीची चाचणी होते आणि गुण कमी पडले तर 'इंग्रजी शिकणारी' असा शिक्का बसतो. तो टाळायला काही पालक नुसतं इंग्रजी लिहितात. मीही लिहिलं, आणि ते अजून सलतं. तुम्ही मराठी लिहा. एवढ्या लहान मुलांची चाचणी एकेकट्याला समोर बसवून घेतात. आदल्या दिवशी मुलीला फक्त एवढं सांगा, की उद्या एक बाई तुझ्याशी इंग्रजीत बोलणार आहेत.