शब्द नसलेल्या चित्रपुस्तकातून मूल गोष्ट सांगायला शिकतं का, की पैसे वाया?

प्रश्नाखाली तुम्ही लिहिलंय की मुलगी साडेचार वर्षांची आहे, हौसेने असं पुस्तक आणलंत आणि सासरे म्हणाले, "यात वाचायचं काय? त्यापेक्षा पाटी आणायची." मग कोणत्या वयापासून, कसं वापरायचं, किती पुस्तकं घ्यायची, हेही विचारलंय. मी इथे सहसा नुसती वाचत असते. पण तुमच्या सासऱ्यांचं वाक्य वाचलं आणि आमचे भावोजी डोळ्यांसमोर उभे राहिले. त्यामुळे आता लिहिणारच.

शिकतं. पैसे वाया नाहीत. एवढं पुरत असेल तर पुढचं वाचलं नाहीत तरी चालेल.

भावोजी म्हणजे माझे थोरले दीर. आयुष्यभर मास्तर, शेवटी मुख्याध्यापक होऊन निवृत्त झाले. माणूस लाखात एक. पण अक्षराशिवाय जगात काही असू शकतं, यावर त्यांचा विश्वास नाही.

२०१४ चा मे महिना. मुलगा जूनमध्ये पहिलीत जायचा होता. माझ्या बहिणीची मुलगी तेव्हा पुण्यात भाषाविज्ञान शिकत होती, ती कुडाळला आमच्याकडे आली. आंबे खायला नव्हे. तिला मालवणी बोलणारी लहान पोरं हवी होती, त्यांच्याकडून गोष्टी सांगून घ्यायला. सोबत एक स्पायरल लावलेली झेरॉक्स. (झेरॉक्स काढणं बरोबर नाही, माहीत आहे. पण ते पुस्तक तेव्हा कुडाळात कुठे मिळणार होतं?)

पुस्तक मर्सर मेयर या अमेरिकन चित्रकाराचं, १९६९ सालचं. २४ चित्रं, आत एक अक्षर नाही. एका पोराने बरणीत बेडूक पाळलेला असतो. रात्री पोरगा नि त्याचा कुत्रा झोपलेले असताना बेडूक बरणीतून सटकतो. सकाळपासून दोघांची शोधाशोध. बुटात बघ, खिडकीतून हाका मार, रानात जा. कुत्र्याचं डोकं बरणीत अडकतं, मधमाश्या मागे लागतात, झाडाच्या ढोलीतून घुबड निघतं. भाषेचा अभ्यास करणाऱ्यांचं हे जगभर लाडकं पुस्तक आहे, हे मला भाचीकडून कळलं. रूथ बर्मन आणि डॅन स्लोबिन या दोघांनी १९९४ मध्ये यावर जाडजूड ग्रंथ काढला. इंग्रजी, जर्मन, स्पॅनिश, हिब्रू आणि तुर्की बोलणारी मुलं नि मोठी माणसं, सगळ्यांपुढे हीच २४ चित्रं. त्यातलं मला कळलं ते असं: तीन वर्षांचं पोर प्रत्येक चित्र सुटं धरतं. हा मुलगा, हा कुत्रा, ही बरणी. पाच वर्षांचं एका चित्राला पुढचं जोडू लागतं. नऊ वर्षांचं मात्र सुरुवातीलाच ओळखतं की सगळा खटाटोप बेडकासाठी आहे, आणि सगळं त्या शोधात ओवतं.

पहिल्या दिवशी भाचीने सरावासाठी रेकॉर्डिंग केलं. मी शेजारी बसले होते. रात्री ऐकलं तर सगळा माझाच आवाज! "हे काय आहे बाळा? कुत्रा काय करतोय? अरे, नीट बघ ना. मग? घाबरला ना तो?" आणि लेकराचं काय, तर "हं", "हां", "कुत्रो". भाची हसून म्हणाली, "मावशी, गोष्ट तू सांगितलीस, त्याने नुसती मान डोलावली." मला राग आला. खरं होतं म्हणून जास्त आला.

दुसऱ्या दिवशी मला स्वयंपाकघरात पिटाळलं. तिने त्याला आधी पूर्ण पुस्तक शांतपणे चाळू दिलं, पहिल्यापासून शेवटपर्यंत, मधे एक शब्द न बोलता. मग म्हणाली, आता पहिल्यापासून सांग. आणि ती फक्त "हं... मगे?" करत राहिली.

त्या पुस्तकात एक चित्र आहे. पोरगा मोठ्या खडकावर चढून हाका मारतोय आणि तोल सांभाळायला त्याने खडकामागच्या फांद्या धरल्यात. पान उलटलं की कळतं, त्या फांद्या नाहीत, हरणाची शिंगं आहेत. आणि आता पोरगा हरणाच्या डोक्यावर. मी कोबी चिरत होते. आतून ऐकू आलं: "तेका वाटला ती खांदी आसा. पण ती शिंगां होती!"

विळीवरचा हात थांबला माझा. "तेका वाटला." त्याला वाटलं. चित्रात "वाटलं" कुठेही काढलेलं नाही, काढताच येत नाही. पाच वर्षांच्या पोराने दुसऱ्याच्या डोक्यात शिरून बघितलं, की याला काय दिसतंय आणि खरं काय आहे. भाची नंतर म्हणाली की अभ्यासक नेमक्या याच पानाची वाट बघत असतात. मला अभ्यासकांचं काय! मी त्या दिवशी कोबी अर्धा चिरून तसाच टाकला नि त्याचा मुका घेतला.

आता भावोजी.

झेरॉक्स पडवीत राहिली होती. दुपारी भावोजी झोपाळ्यावर. त्यांनी ती चाळली, आणि कुणाला न विचारता प्रत्येक चित्राखाली पट्टी ठेवून पेन्सिलीने रेघ मारली. रेघेवर निळ्या बॉलपेनने एकेक वाक्य. चोवीसच्या चोवीस. अक्षर काय विचारता! मोत्याचे दाणे. "मुलगा व कुत्रा बेडूक पाहतात." "मुलगा झोपतो." "बेडूक बाहेर जातो." मग मुलाला जवळ बसवून, शब्दाखाली बोट फिरवत दोनदा वाचून घेतलं.

मी म्हटलं, "भावोजी, हे काय केलंत?"

"गो, आता खंय तां पुस्तक झाला," ते म्हणाले. "आदी नुसती चित्रां होती."

दोन दिवसांनी भाचीचं खरं रेकॉर्डिंग. मुलगा उभा राहिला. हात पाठीमागे बांधले. आणि शाळेतल्या कविता म्हणायच्या आवाजात, शुद्ध पुस्तकी मराठीत, चोवीस वाक्यं घडाघडा म्हणून मोकळा झाला. दोन मिनिटंसुद्धा लागली नाहीत. हरणाच्या पानाला म्हणाला, "मुलगा हरणाची शिंगे धरतो." भाचीने हळूच विचारलं, "का रे धरली त्याने?" त्याने पान वर-खाली बघितलं, ओळीवरून बोट फिरवलं नि म्हणाला, "तां हयसर लिवलेला नाय."

तीन दिवसांपूर्वी ज्याला माहीत होतं, त्याला आता माहीत नव्हतं. कारण तिथे लिहिलेलं नव्हतं.

यावरून मी आणि भावोजी त्या रात्री जेवताना भांडलो, नंतर गणपतीत भांडलो आणि अजूनही संधी मिळाली की भांडतो. त्यांचं म्हणणं, मुलाला वाक्यरचना मिळाली, शुद्ध भाषा मिळाली. माझं म्हणणं, जे डोळ्यांना दिसतंय तेच पुन्हा शब्दांत लिहिणं म्हणजे वाक्यरचना नव्हे, हजेरी घेणं. मुलगा आहे, हजर. हरीण आहे, हजर. गोष्ट दोन चित्रांच्या मधल्या जागेत असते. ती जागा मुलाची. तिथे भावोजींनी बॉलपेन खुपसलं.

आणि भाषेचं म्हणाल, तर आपल्या गोष्टीचा खरा प्राण "तर" मध्ये आहे. "उठून बघितलं, तर बरणी रिकामी!" हा "तर" कुठल्याही चित्रात नसतो, तो सांगणाऱ्याच्या श्वासात असतो. "तेवढ्यात", "म्हणून", "तरी पण", हेही सगळे तसलेच. मूल हे शब्द वापरायला लागलं की समजा, गोष्ट सांगू लागलं. भावोजींच्या चोवीस वाक्यांत यातला एकही नव्हता. सगळी "पाहतो, जातो, धरतो". अशी गोष्ट कोणी कोणाला सांगतं का? आजी सांगायची ती "एक होता राजा". एक असतो राजा नाही.

शिवाय आम्ही कुडाळचे. पिंगुळी हाकेच्या अंतरावर. ठाकर समाजाच्या चित्रकथी परंपरेत काय करतात? रामायण-महाभारतातल्या प्रसंगांच्या चित्रांची पोथी, एकेक चित्र समोर धरायचं आणि गोष्ट गाऊन, बोलून सांगायची. कागद पुढे, कथा तोंडात. वर्षानुवर्षं गावांनी ते रात्र-रात्र बसून ऐकलंय. २०२१ मध्ये पिंगुळीच्या परशुराम गंगावणे यांना पद्मश्री जाहीर झाली, तेव्हा मी ती बातमी आधी भावोजींना पाठवली. खाली लिहिलं, "पोथीत चित्रांच." त्यांनी अंगठा पाठवला. फक्त अंगठा. मास्तर माणूस हरला की एवढंच करतो.

बरं, तुमचा प्रश्न.

वय म्हणाल तर अडीच-तीनपासून हातात द्यायला हरकत नाही, पण तेव्हा गोष्टीची अपेक्षा ठेवू नका. बोट ठेवून "भू भू" झालं तरी खूप. साडेचार हे उत्तम वय. पुस्तक आधी पूर्ण चाळू द्या. शेवट कळल्याशिवाय सुरुवात सांगता येत नाही, मोठ्यांनाही नाही. तुम्ही गप्प बसा. हे सगळ्यात अवघड. "हे काय आहे?" हा प्रश्न बंद, कारण त्याचं उत्तर एका शब्दात येतं. विचारायचंच असेल तर "आता याला काय वाटत असेल?" एवढं पुरे, तेही सारखं नको. बेडकाला ती "साप" म्हणाली तर साप. दुरुस्त करायला बसलात की गोष्ट गेली. घरात जी भाषा बोलता त्याच भाषेत सांगू द्या. मालवणी, अहिराणी, वऱ्हाडी, काय असेल ती. प्रमाण मराठी शिकवायला पुढे दहा-बारा वर्षं शाळा आहेच.

किती पुस्तकं? एकच घ्या नि महिनाभर तेच. माझ्या मुलाची पाचव्या वेळची गोष्ट पहिलीच्या तिप्पट लांब होती. आपल्याकडचं हवं असेल तर प्रिया कुरियन यांचं, तूलिका प्रकाशनाने काढलेलं, चष्मा शोधणाऱ्या केरळी आजीचं पुस्तक आहे, त्यातही शब्द नाहीत. घरातली आजी चष्मा शोधताना प्रत्येक पोराने पाहिलेली असते, त्यामुळे सुरुवात सोपी जाते. आणि पैसे घालवायचे नसतील तर बालभारतीच्या पहिलीच्या पुस्तकातली चित्रवाचनाची पानं आहेतच. बहुतेक ठिकाणी ती "काय दिसतं ते सांगा" म्हणून दोन मिनिटांत उरकतात. तुम्ही "काय झालं असेल ते सांग" म्हणा.

आता जे वर लिहायला हवं होतं ते: चित्रपुस्तक दिलं म्हणून पोरगी वाचायला शिकणार नाही. ते वेगळं काम, त्याला अक्षरंच लागतात. मोठ्यांनी पुस्तक वाचून दाखवणंही सोडू नका. कानावर चांगल्या गोष्टी पडल्या नाहीत तर तोंडातून कुठून येणार? काही मुलं मुळातच कमी बोलतात, त्यांच्यामागे पुस्तक घेऊन लागू नका. आणि साडेचार वर्षांची मुलगी घरातही फारसं बोलतच नसेल, तर पुस्तकाच्या भरवशावर न राहता डॉक्टरांना दाखवा.

अजून एक, जे मी भावोजींना कधी सांगितलं नाही, सांगणारही नाही. माझा मुलगा "कुत्रा", "मुलगा", "हरीण" हे शब्द वाचायला शिकला तो त्याच झेरॉक्सवरून, त्या मोत्याच्या दाण्यांवरून, पहिलीचं पहिलं सत्र संपायच्या आत. म्हणजे अगदीच वाया नव्हतं. वेगळ्या कागदावर लिहिलं असतं तर माझी काही तक्रारच नव्हती.

तुमच्या सासऱ्यांचं काय करायचं? त्यांनाच ऐकायला बसवा, पण समोर. पुस्तक मुलीच्या हातात, पानं तिच्याकडे, आजोबांना चित्र दिसता कामा नये. मग "हा इथे गेला, मग याने असं केलं" चालत नाही. कोण, कुठे, कशाला, सगळं सांगावं लागतं.

हे मला कुठल्या ग्रंथातून कळलं नाही. मुलगा सात वर्षांचा असताना भावोजींचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं. डोळ्याला पट्टी, दुसऱ्या डोळ्याला चष्म्याशिवाय काही दिसत नाही, वाचायला मनाई, पेपर बंद. माणूस कासावीस. मुलगा भाचीने दिलेली दुसरी, कोरी झेरॉक्स घेऊन त्यांच्या खाटेवर जाऊन बसला. मी दाराआड उभी. हरणाच्या पानाशी आला तेव्हा भावोजी उशीवरून उठून बसले. "हरण? आणि तां खंयसून इला?"

"सांगतंय, गप बसा," मुलगा म्हणाला.

शेवटचं पान होईपर्यंत भावोजी अकरा वेळा "मगे?" म्हणाले. मी मोजलेत.