इशारा खोटा ठरला, मग अंदाज चुकला का?

प्रश्न : शाहूपुरीत माझे किराणा मालाचे दुकान आहे. गेल्या पावसाळ्यात अतिवृष्टीचा इशारा आला, म्हणून रातोरात सगळा माल माळ्यावर चढवला. हमालीचे दोन हजार रुपये गेले आणि पाणी काही आले नाही. शास्त्रज्ञ ‘शक्यता आहे’ म्हणतात, प्रत्येक मापापुढे ‘अधिक-उणे’ लिहितात. ज्यांची त्यांनाच खात्री नाही, त्यांच्यावर आम्ही विसंबायचे कसे?
— एक वाचक, कोल्हापूर

उत्तर : आपल्याच दुकानातल्या काट्यापासून सुरुवात करू. पाच-पाच ग्रॅमने आकडा बदलणाऱ्या इलेक्ट्रॉनिक काट्यावर गुळाची भेली ठेवली आणि नेमका एक किलो दिसला, तरी काटा निर्दोष असतानाही गूळ अडीच ग्रॅम कमी किंवा जास्त असू शकतो. या अडीच ग्रॅमला विज्ञानात मापनाची अनिश्चितता म्हणतात. पृथ्वीचे वय ४५४ कोटी वर्षे, अधिक-उणे ५ कोटी, असे लिहिणारा माणूस चाचपडत नसतो. आपले ज्ञान कुठपर्यंत पोचते, ते तो आकड्यात सांगत असतो. ‘अधिक-उणे’ न लिहिता नुसताच आकडा ठोकून देणाऱ्याची मला अधिक धास्ती वाटते.

पावसाचे गणित काट्याहून कितीतरी अवघड आहे. १९६१ मध्ये अमेरिकी हवामानशास्त्रज्ञ एडवर्ड लॉरेन्झ यांनी संगणकावरचे हवामानाचे गणित मधूनच पुन्हा सुरू करताना ०.५०६१२७ ऐवजी ०.५०६ एवढाच आकडा भरला, आणि थोडे पुढे गेल्यावर आधीच्या उत्तराशी नव्या उत्तराचा काहीच मेळ बसेना. आपल्याकडे तर कासारी, कुंभी, तुळशी आणि भोगावती यांचे पाणी प्रयाग चिखलीला एकत्र येऊन पंचगंगा होते. त्यामुळे गगनबावड्याला किती पाऊस कोसळला, राधानगरी धरणाचे किती स्वयंचलित दरवाजे कधी उघडले आणि खाली नृसिंहवाडीला कृष्णा किती फुगलेली आहे, या साऱ्यांवर शाहूपुरीतले पाणी ठरते. यातल्या प्रत्येक पायरीवरची थोडी थोडी अनिश्चितता आपल्या उंबऱ्यापर्यंत येता येता बरीच वाढलेली असते.

इशाऱ्यात तीस टक्के शक्यता म्हटली असेल, तर त्याचा अर्थ अशा दहा प्रसंगांपैकी सुमारे तीन वेळा पाणी येईल. म्हणून एकदा पाणी आले नाही एवढ्यावरून अंदाज चुकला असे म्हणता येत नाही. तो तपासायचा तर बऱ्याच पावसाळ्यांचे इशारे आणि प्रत्यक्ष पाणी शेजारी-शेजारी मांडून पाहावे लागते. तोवर आपला निर्णय मात्र खोळंबत नाही. समजा, दुकानात खाली एक लाखाचा माल आहे. तीस टक्के धोक्याची सरासरी किंमत तीस हजार होते आणि हमाली दोन हजार; व्यापारी माणसाला यापुढचे सांगायला नको. धोका एकच टक्का असता, तर माल जागेवरच ठेवणे शहाणपणाचे ठरले असते.

जाता जाता एक खुलासा. व्याख्यानांतून भौतिकशास्त्रज्ञ हायझेनबर्ग यांच्या १९२७ च्या अनिश्चिततेच्या तत्त्वाचा दाखला देऊन ‘जगात काहीच नक्की नाही’ असे ठोकून दिले जाते. ते तत्त्व इलेक्ट्रॉनसारख्या सूक्ष्म कणाचे स्थान आणि संवेग (वस्तुमान गुणिले वेग) एकाच वेळी किती काटेकोर असू शकतात याविषयी आहे. पुराशी किंवा गुळाच्या भेलीशी त्याचे काही देणेघेणे नाही.

आपल्याला करता येण्याजोगे एक काम आहे. पंचगंगेवरच्या राजाराम बंधाऱ्यावर ३९ फूट ही इशारा पातळी आणि ४३ फूट ही धोका पातळी धरतात. २०१९ आणि २०२१ मध्ये पाणी ५५ फुटांच्याही वर गेले होते. दुकानाच्या भिंतीवर त्या पुरांच्या खुणा राहिल्या असतील, तर त्या दिवशीची बंधाऱ्यावरची पातळी जुन्या वर्तमानपत्रांतून शोधून प्रत्येक खुणेशेजारी लिहून ठेवा. बंधाऱ्यावर किती फूट झाले की पाणी आपल्या पायरीला लागते, याचा अंदाज त्यावरून बांधता येईल. त्या आकड्यापुढे अधिक-उणे एक फूट लिहायला मात्र विसरू नका.